मदत हवी आहे : मेजर लीग बेसबॉलच्या बाद फेरीतील जोड्या कशा ठरतात?

नमस्कार. अमेरिकेतील मेजर लीग बेसबॉलच्या बाद फेरीच्या रचनेविषयी जाणकारांनी दोन शंकांचे निरसन करावे, ही विनंती.

2022पासून अमेरिकन आणि नॅशनल या तिच्या दोन्ही लीगमधून प्रत्येकी सहा संघ बाद फेरीत येतात. पहिल्या दोन मानांकितांना थेट पुढची चाल मिळते, तर उरलेल्या चौघांच्या तीन सामन्यांच्या मालिका पूर्णपणे वरच्या मानांकिताच्या मैदानावर होतात. पुढे पाच आणि मग सात सामन्यांच्या मालिका. इथवर सारे स्पष्ट आहे.

माझी अडचण अशी की, पहिल्या फेरीनंतर मानांकनानुसार जोड्या नव्याने का लावत नाहीत? 2023मध्ये नॅशनल लीगमध्ये 104 सामने जिंकून अव्वल ठरलेल्या अटलांटाला 90 विजयांचा, चौथा मानांकित फिलाडेल्फिया संघ भेटला, तर दुसऱ्या क्रमांकाच्या लॉस एंजेलिस डॉजर्सच्या वाट्याला 84 विजयांवर सहाव्या क्रमांकाने आत शिरलेला ॲरिझोना आला. अव्वल येण्याचे हे बक्षीस मला तरी उफराटे वाटते (अर्थात, त्याच ॲरिझोनाने डॉजर्सना सरळ तीन सामन्यांत घरी पाठवले, हा भाग वेगळा).

दुसरी शंका सात सामन्यांच्या मालिकेतील दोन-तीन-दोन या क्रमाची आहे. तिसरा, चौथा आणि पाचवा सामना खालच्या संघाच्या घरी होत असल्याने, मालिका पाचव्याच सामन्यात संपल्यास यजमानपदाचा अधिक लाभ त्यालाच मिळतो. यामागे केवळ प्रवास वाचवण्याचा हेतू आहे, की आणखी काही कारण आहे?