बोअरांची नेमबाजी खरंच कुणी चित्रित केली का?

दुर्बीण:
बोअर युद्धाची (दक्षिण आफ्रिकेतले डच वंशाचे बोअर विरुद्ध ब्रिटिश) इंग्लंडात नट घेऊन रचलेली चित्रणं 'सुरुवातीचे माहितीपट' म्हणून दाखवणं थांबायला हवं. १५ डिसेंबर १८९९ रोजी दक्षिण आफ्रिकेतल्या कोलेन्सोला बोअरांनी टुगेला नदीकाठच्या खंदकांतून ब्रिटिश सेनापती बुलरच्या फौजेची दाणादाण उडवली. डिक्सन हा कॅमेरामन बायोग्राफ कंपनीच्या मोटरवर चालणाऱ्या कॅमेऱ्याचं अवजड धूड घेऊन तिथे होता. त्याच्या रिळांत तोफा आहेत, रुग्णवाहिका आहेत. नेम धरलेला बोअर नाही. तो दिसला इंग्लंडातल्या ब्लॅकबर्नला, मिचेल आणि केन्यन या चित्रपटकारांच्या नटांमध्ये! तिकडे माणसं खरोखर मरत होती, म्हणून मला हे फार खटकतं.

माळावरचा:
साफ असहमत. बोअरांकडे माउझर रायफली होत्या आणि दारू बिनधुराची. गोळी कुठून आली हे समोरच्या सैनिकालाच कळत नव्हतं, तर हँडल फिरवणाऱ्याला किंवा मोटरवर कॅमेरा चालवणाऱ्याला काय दिसणार? चित्रपटकार रॉबर्ट पॉलने लंडनमधल्या मसवेल हिलच्या गोल्फ मैदानावर प्रसंग उभे केले आणि त्यांना 'प्रतिकृती' असंच नाव दिलं. यात फसवणूक कुठे आली?

दुर्बीण:
नाव चित्रपटांच्या विक्रीच्या यादीत होतं. जत्रेच्या तंबूत बसलेल्याला यादी कोण दाखवणार? आणि नुकसान त्याहून मोठं आहे. रचलेल्या दृश्यात मारणारा आणि मरणारा एकाच चौकटीत येतात. त्या युद्धाचं वेगळेपण नेमकं हेच होतं की ते दोघे एकमेकांना दिसत नव्हते. स्पिऑन कोपच्या लढाईच्या वेळी टुगेला ओलांडणाऱ्या रुग्णवाहिकांचं डिक्सनचं चित्रण बघा. बोअरांच्या नेमबाजीचा त्याहून खरा पुरावा मला माहीत नाही. (जखमी वाहून नेणाऱ्यांत गांधीजींचं भारतीय पथकही होतं.)

खंदक१६:
मग पहिल्या महायुद्धातल्या सोमच्या लढाईवरचा १९१६ चा चित्रपटही बाद करणार का? खंदकातून बाहेर पडताना कोसळणारे सैनिक, हे त्यातलं सगळ्यांच्या लक्षात राहिलेलं दृश्य रचलेलंच आहे. तरी तो चित्रपट युद्धाचा मोठा दस्तऐवज मानतात, आणि योग्यच आहे ते.

दुर्बीण:
बाद नाही करणार. त्याच चित्रपटात १ जुलैच्या सकाळी हॉथॉर्न रिज या टेकडीखाली उडालेला खरा सुरुंग आहे, कॅमेरामन मॅलिन्सने जागेवर टिपलेला. शेजारी खरं असलं की खोटं ओळखता येतं. ब्लॅकबर्नच्या रिळात शेजारी ठेवायला काय आहे?

माळावरचा:
प्रेक्षक आहे. १९०० साली लोकांना शत्रू कसा बघायचा होता, ते त्या रिळात जसंच्या तसं आहे. मला तेही जपायचंय, पण ठळक पाटी लावून.