हायरॉक्सच्या निकालात एकेका खेळाडूचे स्प्लिट्स कसे शोधायचे आणि वाचायचे?

बजाजनगर_कोच

नमस्कार मंडळी. आमच्या जिममधले दहा जण 2025 मध्ये मुंबई आणि दिल्लीच्या हायरॉक्समध्ये (आठ वेळा एक किलोमीटर पळायचं आणि प्रत्येक किलोमीटरनंतर व्यायामाचं एक स्टेशन, अशी स्पर्धा) उतरले होते. पाच पुरुष ओपनमध्ये (नेहमीची वजनं), एक ताई प्रोमध्ये (जड वजनं), दोन जोड्या डबल्समध्ये. आता प्रत्येकाचे स्प्लिट्स, म्हणजे एकेका टप्प्याच्या वेळा, वेगळे काढून पुढच्या तीन महिन्यांचं ट्रेनिंग ठरवायचं आहे. तिघांची नावं वेबसाइटवर सापडतच नाहीत. एकाच्या पानावर स्लेज पुशची (वजनाची घसरगाडी ढकलायचं स्टेशन) जागा कोरी आहे आणि त्यानंतरचा किलोमीटर साडेनऊ मिनिटांचा दिसतो. त्याचा पळण्याचा वेग मला माहीत आहे, हे शक्य नाही. डबल्समध्ये दोघांपैकी कोण कमी पडलं हे कसं ओळखायचं? आणि रॉक्सझोन म्हणून जी ओळ असते तिला ट्रेनिंगच्या दृष्टीने किती किंमत द्यायची? एक्सेलमध्ये भरायचं आहे, म्हणून नेमकं सांगा.

अंबाझरी_लूप

आधी सापडत नाही त्याचं बघू, कारण दहातल्या आठ वेळा चूक तिथेच असते.

अधिकृत निकाल रिझल्ट्स डॉट हायरॉक्स डॉट कॉमवर असतात. तिथे सगळ्यात आधी सीझन निवडावा लागतो, आणि हा सीझन म्हणजे कॅलेंडरचं वर्ष नाही. साधारण पावसाळ्यात सुरू होऊन पुढच्या उन्हाळ्यात संपतो. मुंबईची मे 2025 ची रेस 2024-25 च्या सीझनमध्ये, म्हणजे सातव्यात आहे. दिल्लीची जुलै 2025 ची रेस 2025-26 च्या, म्हणजे आठव्यात. वर्ष एकच, पण पानं दोन. दिल्लीवाल्याला सातव्या सीझनमध्ये शोधाल तर जन्मभर सापडणार नाही.

मग शहर, मग प्रकार. ओपनला तिथे ओपन लिहिलेलं नसतं, नुसतं 'हायरॉक्स' असतं. प्रो, डबल्स, रिले यांना मात्र पूर्ण नावं आहेत. एका प्रकाराच्या दिवसवार वेगळ्या याद्या दिसल्या तर 'ओव्हरऑल' घ्या, नाहीतर शनिवारी पळालेला माणूस रविवारच्या यादीत शोधत बसाल. पुरुष, महिला, मिक्स्ड हा पर्याय तपासून घ्या. वयोगट सुरुवातीला 'सर्व' ठेवा.

आता नाव. यादीत आडनाव आधी, स्वल्पविराम, मग नाव, असं येतं. शोधायला दोन वेगळे रकाने असतात. आपल्याकडे फॉर्म भरताना आधारवरचं पूर्ण नाव पहिल्याच रकान्यात कोंबतात, वडिलांचं नाव आडनावाच्या जागी जातं, किंवा नाव-आडनाव उलटं पडतं. म्हणून दोन्ही रकाने एकदम भरू नका. फक्त आडनाव टाका, नाही मिळालं तर तेच आडनाव नावाच्या रकान्यात टाका, मग वडिलांचं नाव. वऱ्हाडातल्या आडनावांचं इंग्रजी स्पेलिंग तर विचारूच नका. वानखेडे डब्ल्यूने की व्हीने, मधला स्वर ए की ई. चौधरीच्या शेवटी आय की वाय. रजिस्ट्रेशनचा ईमेल उघडा आणि त्यातलं स्पेलिंग जसंच्या तसं चिकटवा.

एवढं करूनही नाही मिळालं तर नाव सोडून द्या. प्रकार, लिंग, वयोगट लावा, एका पानावर 100 नावं दिसतील असं करा आणि साधारण फिनिश टाइमच्या आसपास डोळ्यांनी शोधा. पाच मिनिटांचं काम आहे.

स्लेजवाला

भाऊ, सापडल्यावर नावावर क्लिक करा. तिथे आठ रनिंग, आठ स्टेशन, रॉक्सझोन, एकूण रनिंग अन् सगळ्यात वेगवान लॅप (किलोमीटर) असं सगळं निघते. खाली पेनल्टीची जागा पण असते, ती आधी पाहा. तिथे काही लिहिलं असेल तं एकूण वेळेचा अर्थच बदलते.

पहिलं काम बेरीज. आठ रन अधिक आठ स्टेशन अधिक रॉक्सझोन, हे फिनिश टाइमशी जुळलं पाहिजे. समजा रनिंग 46:40, स्टेशनं मिळून 38:10, रॉक्सझोन 7:12. बेरीज 1:32:02. पानावर हाच आकडा किंवा सेकंद-दोन सेकंद इकडेतिकडे असेल तं सगळे स्प्लिट्स वापरायला मोकळे. मिनिटांचा फरक असेल तं पेनल्टी नाही तं पायाला बांधलेल्या, वेळ मोजणाऱ्या चिपचा घोळ.

रॉक्सझोन म्हणजे पळायचा ट्रॅक सोडल्यापासून स्टेशनवर पोचेपर्यंत, अन् स्टेशन संपल्यापासून परत ट्रॅकवर जाईपर्यंतचा वेळ. पहिल्या सात स्टेशनांचं येणं-जाणं चौदा वेळा, अन् शेवटच्या वॉल बॉलला (भिंतीवर चेंडू मारायचं स्टेशन) फक्त येणं, कारण तिथंच रेस संपते. एकूण पंधरा. वरच्या उदाहरणात 432 सेकंद भागिले 15, म्हणजे दर खेपेला जवळपास 29 सेकंद. तेवढ्यात माणूस काय करते? पाणी पिते, कमरेवर हात ठेवते, स्टेशन कुठं आहे ते शोधते. दर खेपेला 8 सेकंद वाचवले तरी 2 मिनिटं सुटतात, तेही एक किलो जास्त वजन न उचलता. स्कीअर्गवर (स्कीइंगसारखे दोर ओढायचं मशीन) 2 मिनिटं कमी करायला किती महिने लागतात ते तुम्ही कोच आहात, तुम्हाला माहीत.

पण एक पाहा. हॉल मोठा असला की रॉक्सझोनमधलं अंतरच जास्त असते. म्हणून मुंबईच्या रॉक्सझोनची दिल्लीच्या रॉक्सझोनशी तुलना करू नका. त्याच दिवशी, त्याच प्रकारात, जवळपास तेवढ्याच वेळात आलेल्या वीस जणांचे आकडे काढा अन् त्यांच्याशी लावा.

तेच स्लेजचं. वजन तेच, पण कार्पेट नवं की घासलेलं, यावर घर्षण बदलते. नागपुरात जिममध्ये रबर मॅटवर नाही तं गल्लीतल्या सिमेंट रोडवर स्लेज ढकलून जो वेळ येते, तो स्पर्धेच्या कार्पेटवर चालत नाही. 50 मीटरला दीड मिनिट जास्त लागला म्हणून पायाची ताकद गेली असं समजू नका राजेहो.

टाइमशीट

त्या कोऱ्या स्लेज पुशबद्दल. पायाच्या चिपची नोंद जमिनीवरच्या मॅटवरून जाताना होते. एखाद्या मॅटवर ती वाचली गेली नाही की दोन तुकड्यांमधली सीमाच पुसली जाते आणि एकाचा वेळ शेजाऱ्याच्या खात्यात जातो. तुमच्या खेळाडूचे साडेनऊ मिनिटं म्हणजे बहुतेक स्लेज पुश आणि तिसरा किलोमीटर मिळून. त्याच्या पानावर खाली घड्याळाच्या वेळेसकटचा तक्ता बघा, कोणती नोंद गहाळ आहे ते तिथे कळेल. शीटमध्ये हे दोन रकाने एकत्र करून एकच आकडा लिहा. अंदाजाने वाटणी करून दोन आकडे भरलेत तर सरासरी बिघडेल आणि पुढच्या वेळी तो अंदाज होता हे तुम्हीच विसराल.

फिनिशची वेळ यामुळे चुकत नाही, ती सुरुवातीच्या आणि शेवटच्या नोंदीवरून निघते. शेवटचीच नोंद गहाळ असेल तर मात्र माणूस यादीतून गायब होतो. तुमच्या तिघांपैकी कोणाचं असं झालं असेल तर बिब नंबर (छातीवरचा क्रमांक), वेव्हची (एकत्र सोडलेल्या गटाची) वेळ, प्रकार आणि स्वतःच्या घड्याळाची फाइल जोडून आयोजकांना लिहा. घड्याळातली एकूण वेळ आणि हृदयाचे ठोके पुरावा म्हणून चालतात, अंतर नाही. छपराखाली जीपीएस काहीही दाखवतं.

उलट प्रकारही होतो. एखादा लॅप बाकीच्यांपेक्षा दीड-दोन मिनिटांनी वेगवान दिसला तर हरखून जाऊ नका. एक फेरी कमी मारली गेली असण्याची शक्यता जास्त. एक किलोमीटर म्हणजे हॉलच्या आकाराप्रमाणे दोन-तीन किंवा जास्त फेऱ्या, आणि दमलेल्या माणसाची मोजणी चुकते.

आणि एक्सेल. हाताने 46:40 टाइप केलं की एक्सेल ते 46 तास 40 मिनिटं समजतं. बेरजा मग दिवसांत जातात. पुढे शून्य लावून 0:46:40 असंच भरा. बेरजेच्या रकान्याला तासाचं अक्षर चौकटी कंसात असलेलं वेळेचं फॉरमॅट द्या, म्हणजे 24 तासांनंतर आकडा पुन्हा शून्यावर येत नाही. दहा जणांचं एकत्र रनिंग काढताना हे नक्की आडवं येईल.

बजाजनगर_कोच

दोन जण सापडले! एक सीझनच्या घोळात होता, दुसऱ्याच्या आडनावाच्या जागी वडिलांचं नाव. तिसरा यादीतच नाही, त्याची घड्याळाची फाइल मागवली आहे. साडेनऊ मिनिटांचं कोडंही सुटलं, बेरीज सेकंदाला जुळली.

प्रोमधल्या ताईंची तुलना कोणाशी करू? महिला ओपनवाल्यांशी लावली तर त्या फारच मागे दिसतात. आणि डबल्सचं राहिलंच.

अंबाझरी_लूप

महिला ओपनशी लावूच नका. महिला प्रोची वजनं पुरुष ओपनइतकी असतात: फार्मर्स कॅरीला 24 किलोच्या दोन केटलबेल, लंजेसला 20 किलोची सँडबॅग, वॉल बॉल 6 किलोचा. महिला ओपनला हेच 16 च्या दोन, 10 आणि 4. पुरुष प्रोला 32 च्या दोन, 30 आणि 9. ताईंची स्टेशनं महिला प्रोच्या यादीशी लावा. रनिंग मात्र त्याच दिवसाच्या महिला ओपनशी ताडून बघायला हरकत नाही, अंतर तेच आहे. जड स्लेजनंतरचे पाय वेगळे असतात एवढं लक्षात ठेवून.

डबल्समध्ये आठही किलोमीटर दोघांना सोबत पळायचे असतात, स्टेशनचं काम हवं तसं वाटून घेता येतं. म्हणजे रनिंगचा आकडा हळू पळणाऱ्याचा असतो, आणि स्टेशनचा आकडा दोघांचा मिळून. वेबसाइट याहून जास्त सांगूच शकत नाही. कोणी किती रेप्स मारल्या हे कुठे नोंदलेलं नसतं. रेस संपल्यावर लगेच, चहा प्यायच्या आधी, दोघांना वेगवेगळं विचारून लिहून ठेवा: रोइंगचे किती मीटर कोणी, वॉल बॉलचे 100 कसे वाटले. महिन्याभराने विचाराल तर दोघांची बेरीज 140 येते.

रिलेमध्ये उलट सोपं. चौघे, प्रत्येकाला दोन किलोमीटर आणि दोन स्टेशनं. क्रम माहीत असला की कोणाची वेळ कोणती ते सरळ कळतं.

स्लेजवाला

रनिंगमध्ये पहिला किलोमीटर बाजूला ठेवा. सुरुवातीची जागा वेगळी असल्यानं त्याचं अंतर बाकीच्यांशी तंतोतंत जुळंलच असं नाही, अन् गर्दीच्या जोशात सगळेच उधळतात. दुसरा अन् सातवा ताडून पाहा. तिसरा स्लेज पुशनंतरचा अन् पाचवा बर्पी ब्रॉड जंपनंतरचा (जमिनीवर झोपून, उठून लांब उडी), हे दोन हळू असणारच. पण दोनातून सातवर जाताना मिनिटापेक्षा जास्त पडत असेल तं ताकदीपेक्षा आधी पेसिंगवर (वेग सारखा राखण्यावर) काम करा. मे महिन्यात नागपूरच्या टीनच्या शेडखाली घेतलेल्या वेळांशी मात्र एसी हॉलचे हे लॅप लावू नका, त्यात ऊनच जास्त मोजलं जाते.

अजून एक. रेसच्या दिवशी दुपारी काढलेला रँकचा स्क्रीनशॉट कामाचा नाही. वेव्ह संध्याकाळपर्यंत सुटत राहतात, बाराला सातवा असलेला माणूस रात्री सत्तरावा असते. जिमच्या भिंतीवर बॅनर लावायची घाई करू नका.

धंतोली_बॉक्स

विषयाला जोडूनच विचारतो. क्रॉसफिट ओपनच्या (आपापल्या जिममधून भाग घ्यायची जगभरची स्पर्धा) लीडरबोर्डवर असे स्प्लिट्स का दिसत नाहीत? आणि तिथे कमी पॉइंट चांगले की जास्त?

टाइमशीट

तिथे वर्कआउट आपापल्या जिममध्ये जजसमोर होतं आणि अंतिम स्कोअर भरला जातो. म्हणून वेळ किंवा रेप्स, फार तर टायब्रेक (बरोबरी सोडवायचा आकडा), एवढंच दिसतं. मधले तुकडे हवे असतील तर जजची स्कोअरशीट जपून ठेवा.

ओपनमध्ये कमी पॉइंट चांगले, कारण पॉइंट म्हणजे प्रत्येक वर्कआउटमधल्या क्रमांकांची बेरीज. 900 वा आणि 1,100 वा आलात तर 2,000. प्रत्यक्ष गेम्समध्ये, म्हणजे अंतिम स्पर्धेत, जिंकणाऱ्याला जास्त पॉइंट, तिथे उलट. गोंधळ इथेच होतो. शिवाय स्केल्ड (सोपं करून केलेल्या वर्कआउटचा) स्कोअर कितीही चांगला असला तरी त्या वर्कआउटच्या सगळ्या आरएक्स (ठरवून दिलं तसंच केलेल्या) स्कोअरखाली लागतो. शोधताना वर्ष, गट, देश, मग तुमचं अ‍ॅफिलिएट (क्रॉसफिटशी संलग्न जिम) निवडा, यादी लगेच आटोक्यात येते. पस्तिशीपुढचा खेळाडू मुख्य यादीत आणि वयोगटाच्या यादीतही सापडतो, दोन्हीकडचे क्रमांक वेगळे.

स्कोअर भरायची मुदत कॅलिफोर्नियाच्या वेळेनुसार सोमवारी संध्याकाळी 5. आपल्याकडे मंगळवारी सकाळी 6:30. मार्चच्या दुसऱ्या रविवारी तिकडची घड्याळं पुढे जातात, त्यानंतर 5:30. मधल्या आठवड्यात हा एक तास चुकून स्कोअर राहतो. आणि अ‍ॅफिलिएटने स्कोअर मान्य केला नाही, व्हिडिओही नाही, तर तो लीडरबोर्डवर टिकत नाही. सापडत नाही अशी तक्रार आली की आधी तिथेच बघा.

बजाजनगर_कोच

शीट भरून झाली. ओपनच्या पाचांपैकी चौघांचा रॉक्सझोन आसपासच्या वीस जणांपेक्षा दीड ते अडीच मिनिटांनी जास्त निघाला. रोइंग कच्चं आहे असं मी धरून चाललो होतो, ते तर मध्यावर आहे. येत्या सोमवारपासून प्रत्येक स्टेशनमध्ये 40 मीटरची मोकळी जागा ठेवून सेट लावतोय, पाण्याच्या बाटल्या शेडच्या बाहेर. तिसऱ्याची फाइल आली, मेल पाठवला. उत्तर आलं की इथे टाकतो.