झीना सारो-विवा : माहितीपटातून कलादालनात, की दोन्हींच्या मधोमध?

प्रश्न

नायजेरियातील पोर्ट हारकोर्ट येथे १९७६ मध्ये जन्मलेल्या आणि इंग्लंडमध्ये वाढलेल्या झीना सारो-विवा यांच्या कारकिर्दीवर मी एक टिपण लिहीत आहे. बीबीसीसाठी वार्तांकन व निवेदन, मग लंडनमधील अनेकांच्या आठवणी आणि आवडीनिवडींतून आफ्रिका उभी करणारा ‘दिस इज माय आफ्रिका’ (२००८) हा माहितीपट, आणि त्यानंतर व्हिडिओ मांडणशिल्पे व प्रदर्शनांची संकल्पना, असा हा क्रम दिसतो. माझ्या दोन अडचणी आहेत. त्यांनी चित्रपट सोडला असे म्हणणे योग्य ठरेल का? आणि त्यांचे वडील, ओगोनी लोकांच्या हक्कांसाठी तेल कंपन्यांविरुद्ध आंदोलन करणारे लेखक केन सारो-विवा यांना १० नोव्हेंबर १९९५ रोजी लष्करी राजवटीने फाशी दिली, या घटनेने टिपणाची सुरुवात करावी का?

पहिला प्रतिसाद

‘सोडला’ हा शब्द मला चुकीचा वाटतो. २०१० मध्ये न्यूयॉर्कमधील लोकेशन वन या कलाकेंद्रात त्यांनी सहसंयोजित केलेले ‘शॅरन स्टोन इन अबुजा’ हे प्रदर्शन पाहा. नॉलिवूडचे, म्हणजे नायजेरियातील अल्पखर्ची आणि अतिनाट्यमय व्हिडिओपटांचे, हुंदके, भडक प्रसाधन आणि भूतबाधा हे सारे त्यांनी थट्टेचा विषय न मानता भाषा म्हणून वापरले. त्याच सुमारास केलेल्या ‘फिलिस’ या लघुपटाची नायिका लागोसमध्ये एकटी राहते आणि कृत्रिम केसांच्या टोपांनी झपाटलेली असते. हा चित्रपटच आहे, पण त्याला कथेचा निकाल लावण्याची घाई नाही. माहितीपटात माणसाला बोलते करून त्याच्याकडून खुलासा घ्यावा लागतो. सारो-विवा यांना बहुधा तो खुलासाच नकोसा झाला असावा. ‘ईटन बाय द हार्ट’ (२०१२) मध्ये आफ्रिकी आणि आफ्रिकी वंशाची जोडपी कॅमेऱ्यासमोर चुंबन घेतात, आणि हे दृश्य इतका वेळ चालते की आपण कशाने अस्वस्थ होत आहोत याचा विचार प्रेक्षकाला स्वतःच करावा लागतो. दूरचित्रवाणीच्या संपादकाने ते दृश्य काही सेकंदांत कापले असते.

दुसरा प्रतिसाद

वरील मताशी मी सहमत आहे, पण कारकिर्दीचा खरा सांधा मला न्यूयॉर्कमध्ये नव्हे, पोर्ट हारकोर्टमध्ये दिसतो. २०१४ मध्ये त्यांनी वडिलांच्या जुन्या कार्यालयात ‘बॉइज क्वार्टर्स प्रोजेक्ट स्पेस’ हे कलादालन सुरू केले. (नायजेरियात मुख्य घरामागे नोकरांसाठी बांधलेल्या खोल्यांना ‘बॉइज क्वार्टर्स’ म्हणतात, हे नाव त्यांनी उगाच निवडलेले नाही.) पोर्ट हारकोर्टजवळ, नायजर नदीच्या त्रिभुज प्रदेशात (नायजर डेल्टात) असलेल्या ओगोनी लोकांच्या भूमीत १९५८ मध्ये तेल सापडले, १९९३ मध्ये शेल कंपनीला तेथील उत्पादन थांबवावे लागले, आणि २०११ च्या संयुक्त राष्ट्रसंघाच्या पर्यावरण अहवालाने त्या भूमीच्या शुद्धीकरणाला २५ ते ३० वर्षे लागू शकतील असे सांगितले. अशा ठिकाणी कॅमेरा नेणारा जवळजवळ प्रत्येक जण तेलाने काळवंडलेले पाणीच टिपतो. ‘कारिक्पो पाइपलाइन’ (२०१५) या पाच पडद्यांच्या कलाकृतीत मात्र हरणाचे मुखवटे घातलेले ओगोनी नर्तक तेलवाहिन्यांच्या परिसरात कोलांट्या घेतात, आणि उद्ध्वस्त म्हणून जगाला माहीत असलेली ती जमीन पुन्हा वस्तीची, खेळाची, देवतांची होते. प्रदूषण नाकारलेले नाही. पण त्या भूमीची ओळख ठरवण्याचा अधिकार त्याला दिलेला नाही. तुमच्या टिपणातील सर्वाधिक जागा या कामाला द्यावी.

तिसरा प्रतिसाद

फाशीच्या उल्लेखाविषयी लिहितो. त्याने सुरुवात करू नका, पण तो टाळूही नका, कारण त्यांनी स्वतः तो टाळलेला नाही. ‘सारोग्वा मोर्निंग’ (२०११) मध्ये त्या कॅमेऱ्यासमोर शोक करण्याचा प्रयत्न करतात. वडिलांसाठी न केलेला शोक हा त्या कामाचा विषय आहे. त्याआधी ‘मोर्निंग क्लास : नॉलिवूड’ मध्ये त्यांनी नॉलिवूडच्या अभिनेत्रींना कॅमेऱ्याकडे पाहत रडायला लावले होते. अभिनयातले रडणे आणि खरे रडणे यांच्यातील सीमा अशी धूसर करणारी कलावती ‘हुतात्म्याची कन्या’ या बिरुदात मावत नाही. शिवाय केन सारो-विवा यांचा विचार केवळ आंदोलनापुरता केला, तर १९८० च्या दशकात त्यांनी ‘बासी अँड कंपनी’ ही विनोदी दूरचित्रवाणी मालिका लिहिली आणि निर्माण केली, हे विसरले जाते. मुलीला वारशात चळवळ मिळाली तसा पडदाही मिळाला.

प्रश्नकर्ती

सर्वांचे आभार. ‘बासी अँड कंपनी’चा हा दुवा माझ्या ध्यानात आला नव्हता. आता मी कलादालनाच्या त्या कार्यालयापासून सुरुवात करीन, म्हणजे वडील आपोआप येतील. झीना यांच्या ‘टेबल मॅनर्स’ या व्हिडिओ-मालिकेचे स्थान मात्र मला अजून ठरवता येत नाही.

दुसरा प्रतिसाद देणारे

ती ‘कारिक्पो’नंतर लगेच घ्या. नायजर डेल्टातील एकेक व्यक्ती आपल्यासमोर बसून हाताने जेवते आणि थेट आपल्याकडे पाहते. ना निवेदन, ना मुलाखत. माहितीपटात अशी माणसे सहसा हानी सांगण्यासाठी येतात. येथे ती जेवण संपवतात, आणि चित्रफीतही संपते.