मोहनाम्बाळ म्हटलं की पद्मिनीच

ए ४०३: काकू, काल लिफ्टमध्ये विषय अर्धाच राहिला. जुन्या तमिळ प्रेमकथा वाचताना नायिकेला चेहरा सिनेमातला येतो म्हणालात, तो कसा?

बी २०१ (काकू): अगं, आमच्या पिढीचं तसंच आहे. 'तिल्लाना मोहनाम्बाळ' घे. कोत्तमंगलम सुब्बूंनी ती कादंबरी १९५० च्या दशकात 'आनंद विकटन' या तमिळ साप्ताहिकात क्रमशः लिहिली. गोपुलूंची चित्रं असायची, तेव्हा नायिका मोहना म्हणजे त्या चित्रांतली मुलगी. १९६८ मध्ये ए. पी. नागराजन यांचा सिनेमा आला आणि पद्मिनीने ती कायमची घेतली. आज कादंबरी उघडली तरी पानावर तीच नाचते.

सी १०४ (काका): 'जिस देश में गंगा बहती है'मधली पद्मिनी?

बी २०१ (काकू): तीच. तिरुवनंतपुरमची. ललिता, पद्मिनी, रागिणी, तिघी बहिणी नाचायच्या. पण हिंदीवाल्यांना ती पुरती कळलीच नाही, असं माझं ठाम मत आहे.

ए ४०३: गोष्ट सांगा ना.

बी २०१ (काकू): षण्मुगसुंदरम नादस्वरम, म्हणजे सनईसारखं दाक्षिणात्य वाद्य, वाजवणारा, भयंकर मानी. मोहना नर्तकी, तीही तशीच. प्रेम जमतं ते पैजेतून, तू वाजव, मी नाचते, बघू कोण हरतं. तिच्या आईला मात्र श्रीमंत आश्रयदाता हवा असतो. पुढे षण्मुगसुंदरम जखमी होतो आणि बरा होऊन पुन्हा वाजवायला बसतो. तेव्हा भरसभेत, नाचता नाचता, ती त्याला तब्येत विचारते. शरीराची आणि मनाचीही. हजार माणसं बघतायत, आणि विचारणं फक्त त्याच्यासाठी! गाणं पी. सुशीलांचं, नादस्वरम एम. पी. एन. सेतुरामन-पोन्नुसामी बंधूंचं. मला अजून रडू येतं.

डी ३०२: काकू, आमच्यासाठी मात्र रेवती. 'मौन रागम' हा तमिळ सिनेमा, १९८६ चा. मनाविरुद्ध लग्न झालेली, तरी गप्प न बसणारी.

बी २०१ (काकू): रेवती मलाही आवडते गं. पण मोहनाकडे स्वतःची विद्या आहे. तिला जिंकायचं तर आधी तिच्या कलेपुढे उभं राहावं लागतं. हल्लीच्या प्रेमकथांत नायक नायिकेला वाचवतो, सांभाळतो, रागावतो. तिला काय येतं, हे कुणी विचारत नाही. मला तीच नायिका परत हवी आहे.

सी १०४ (काका): शनिवारी क्लबहाउसच्या टीव्हीवर लावूया का? भाषेचं काय?

बी २०१ (काकू): लावा. मी शेजारी बसून सांगत जाईन. नाचाला मात्र कुणी बोलायचं नाही.