ग्राफिंग कॅल्क्युलेटरवर गेम टाकू द्यावेत का? माझं मत: द्यावेत, पण एका अटीवर

फर्मागुडीकर

माझ्याकडे शिकवणीला येणाऱ्या अकरावीच्या एका मुलाला त्याच्या अमेरिकेतल्या काकाने आपला जुना टीआय-८४ प्लस दिलाय, म्हणजे टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स कंपनीचा आलेख काढणारा कॅल्क्युलेटर. आपल्याकडे कॅल्क्युलेटर म्हणजे कॅसिओ ९९१, त्यामुळे चार सेल खाणारं हे धूड बघायला अख्खी बॅच गोळा झाली. पोराने यूट्यूब बघून त्यावर टेट्रिस आणि फिनिक्स नावाचा गोळीबाराचा गेम चढवले. मग वडिलांचा मला फोन: "सर, तेवढे ते गेम उडवा. कॅल्क्युलेटर अभ्यासासाठी दिलाय."

मी उडवले नाहीत. का नाही ते सांगतो, मग काय फोडायचं ते फोडा.

अभ्यासासाठी म्हणजे नक्की कुठल्या? बारावीच्या बोर्डाला हा चालत नाही. जेईईला कुठलाच कॅल्क्युलेटर आत नेऊ देत नाहीत. पुढे इंजिनिअरिंगला गेला तरी पेपरला नॉन-प्रोग्रामेबलच. अमेरिकेत गेमवरून एवढी बोंब होते कारण तिथे हेच यंत्र परीक्षेच्या बाकावर जातं. फोंड्यात ते कुठल्याच बाकावर जात नाही. ज्या वस्तूतून एकही गुण मिळणार नाही तिच्याशी पोर खेळलं तर बिघडलं कुठे?

आता अट. उतरवलेले गेम खुशाल खेळ, पण एक गेम स्वतः टाइप करायचा. पीआरजीएमचं (प्रोग्रॅमचं) बटण दाबलं की टीआय-बेसिक, म्हणजे यंत्रातली प्रोग्रॅम लिहायची भाषा, समोर हजर. कॉम्प्युटर नको, नेट नको. मी त्याला तोफेचा गेम दिला. वेग आणि कोन विचारायचा, गोळा उडवायचा, कुठे पडला ते दाखवायचं. अकरावीचं प्रक्षेप्य गतीचं प्रकरण, दुसरं काही नाही. आडवं अंतर म्हणजे वेग गुणिले कोसाइन गुणिले वेळ. उंचीला साइन, आणि त्यातून ४.९ गुणिले वेळेचा वर्ग वजा. स्क्रीन ९६ बाय ६४ ठिपक्यांचा, प्रत्येक क्षणाला एक ठिपका पेटवायचा.

पहिल्यांदा गोळा छतावरून खाली लोंबल्यासारखा उलटा उडाला, कारण या यंत्रात ओळी वरून खाली मोजतात. सगळ्यात खालची ओळ ६२ वी, त्या ६२ मधून उंची वजा केली, सुलटा झाला. मग खरी गंमत. वेग २०, कोन ४५ दिला तर गोळा ४०.८ मीटरवर पडायला हवा. हा पडतोय साडेछत्तीसच्या आसपास. गोळा उडतोय, वक्र छान दिसतोय, फक्त उत्तर चूक. पोराने ४.९ बदलून बघितले, वेळेची पायरी बारीक केली. मी शेजारी बसून दुसऱ्याची वही तपासत होतो, तोंड उघडलं नाही. शेवटी त्याने कोन ३० दिला आणि यंत्राने थेट 'एरर डोमेन' तोंडावर फेकलं. गोळा पहिल्याच पावलाला जमिनीत! ३० चा साइन उणे येईलच कसा, म्हणून तो मोड उघडून बघतो तर यंत्र अंशांऐवजी रेडियनवर, म्हणजे कोन मोजायच्या दुसऱ्या एककावर. ४५ रेडियन म्हणजे फिरून फिरून साधारण ५८ अंशांचा कोन पडतो, म्हणून गोळा थोडा आखूड जात होता. रेडियन मी वर्गात फळ्यावर कितीदा शिकवलं असेल. त्या दिवशी कळलं तसं याआधी कुणाला कळलेलं मी पाहिलं नाही.

मास्तर_म्हापसा

वाचायला झकास. पण फर्मागुडीकर बाब, तुम्ही एका पोराची गोष्ट सांगून सगळ्यांना परवाना देताय. तो शिकला कारण शेजारी तुम्ही होता, तोफेचा गेम तुम्ही निवडला आणि गप्प कधी बसायचं हे तुम्हाला कळतं. ही करामत शिक्षकाची आहे, यंत्राची नाही. घरी जाऊन तो टेट्रिसच खेळतो, लावा पैज.

'आपल्याकडे परीक्षेत जात नाही' हेही अर्धंच खरं. माझी पुतणी पुण्यात आयबी, म्हणजे इंटरनॅशनल बॅकलॉरिएटचा अभ्यासक्रम, करते. तिला गणिताच्या दुसऱ्या पेपरला ग्राफिंग कॅल्क्युलेटर लागतोच. परीक्षेआधी तो टेस्ट मोडमध्ये टाकतात, म्हणजे आत भरलेले प्रोग्रॅम बंद. आणि हे सगळं करावं का लागलं? जुन्या यंत्रांवर परीक्षक मेमरी पुसायला लावायचे, तर तिकडच्या पोरांनी 'मेमरी क्लिअर्ड' असं नुसतंच लिहून दाखवणारे प्रोग्रॅम केले. खालचं सगळं जागच्या जागी. तुमच्या लाडक्या टीआय-बेसिकमध्येच, दोनचार ओळींत. आधी गेम, मग सूत्रं, मग धडे. ही उतरण माझ्या ओळखीची आहे.

कोडिंगच शिकवायचं असेल तर गोवा सरकारच्या शाळांसाठीच्या केअर्स योजनेत सहावी ते आठवीला कोडिंग-रोबोटिक्स आलंय. ते नीट चालवा की.

चौथं_सेम

मास्तर, तो खोटा स्क्रीन लिहिणारा पोरगा नापास करा, पण त्याला प्रोग्रॅमिंग येत नाही असं तरी म्हणू नका :)

माझा वाद उलट्या बाजूने आहे. सरांची अटच मला पटत नाही. 'स्वतः टाइप केलेला तो सात्त्विक, उतरवलेला तो तामसी' असं काही नसतं. टीआय-बेसिकमध्ये गोळा ठिपक्याठिपक्याने रांगतो आणि फिनिक्स त्याच यंत्रावर सरसर पळतो. का? हा प्रश्न उतरवलेला गेम खेळल्याशिवाय पडतच नाही. उत्तर: बेसिकची प्रत्येक ओळ यंत्र तिथल्या तिथे वाचून अर्थ लावतं, फिनिक्स मात्र थेट झेड-८० प्रोसेसरच्या असेम्ब्लीत, म्हणजे प्रोसेसरच्या स्वतःच्या भाषेत, आहे. १५ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, वापरायला २४ केबी रॅम. टीकॅल्क डॉट ऑर्ग या साइटवर कितीतरी गेमसोबत सोर्स, म्हणजे लिहिलेला मूळ कोडही असतो. तो उघडून वाचणं हा टाइप करण्याइतकाच अभ्यास आहे.

आणि या नादी लागलेल्यांनी काय केलंय ते बघा. टीआय आपल्या ऑपरेटिंग सिस्टिमवर डिजिटल सही करायची, म्हणजे दुसऱ्या कुणाची सिस्टिम त्यावर चढू नये. २००९ मध्ये एका छंदिष्टाने थोरल्या भावाची, टीआय-८३ प्लसची, सही करायची ५१२ बिटची आरएसए किल्ली (दोन मोठ्या मूळ संख्यांच्या गुणाकारावर बेतलेली गुप्त संख्या) घरच्या कॉम्प्युटरवर फोडली. कंपनीने कायद्याच्या नोटिसा पाठवल्या, तेव्हा इलेक्ट्रॉनिक फ्रंटिअर फाउंडेशन ही डिजिटल हक्कांसाठी लढणारी संस्था पोरांच्या बाजूने उभी राहिली. आमच्या क्रिप्टोच्या तासाला आरएसए म्हणजे दोन मूळ संख्या आणि डुलकी. हा किस्सा सांगितला असता तर वर्ग जागा राहिला असता.

कामाची सूचना: हे सगळं जुन्या ८४ प्लसच्या पिढीबद्दल. रंगीत स्क्रीनचा ८४ प्लस सीई असेल तर सिस्टिम अपडेट करायच्या आधी दहादा विचार करा. २०२० मध्ये कंपनीने परीक्षेतल्या गैरप्रकारांचं कारण देऊन असेम्ब्ली प्रोग्रॅम चालवायची सोयच काढून टाकली, आणि एकदा वर चढलं की खाली उतरणं महाकठीण. असेम्ब्ली परत चालवायला आर्टिफाइस नावाची पळवाट आहे, पण ती शेवटी पळवाटच.

डिचोलीची_आई

मला असेम्ब्ली कळत नाही, पण एक विचारते. वडिलांनी तुम्हाला गेम काढायला सांगितलं होतं. तुम्ही काढले नाहीत, उलट अजून एक घालायला लावला. फी ते भरतात. मुलासमोर त्यांचं काय राहिलं?

माझा मुलगा बारावीला आहे. मोबाइल रात्री कपाटात ठेवते म्हणून तो दिवसभर धुसफुसतो. उद्या त्याच्या हातात असं यंत्र आलं, तर 'आई, हे अभ्यासाचं आहे' म्हणून पुस्तकाच्या आड धरून खेळेल आणि मला पत्ताही लागणार नाही. मोबाइल हातात दिसला तर निदान आपण ओरडू शकतो.

तारवटी

मी जहाजावर इंजिन रूमला. नेटची मारामार असते, म्हणून माझ्याकडे कॅसिओचा एफएक्स-सीजी५० आहे. गेम चढवायला टीआयपेक्षा सोपा: केबल लावली की कॉम्प्युटरला पेन ड्राइव्हसारखा दिसतो, गेमची जी३ए फाइल त्यात टाकायची, केबल काढली की मेनूत चित्र उगवतं. त्यामुळे गेमला माझा विरोध नाही. वॉच, म्हणजे ड्युटीची पाळी, संपल्यावर मी स्वतः खेळतो.

विरोध टीआय-बेसिकला. ती भाषा त्या यंत्राबाहेर कुठे वापरणार? माझ्या यंत्रात पायथन आहे. तोच तोफेचा गेम पायथनमध्ये लिहिला तर उद्या लॅपटॉपवर चालेल, नोकरीतही उपयोगी पडेल. जुन्या यंत्राचं कौतुक करण्यात आमची पिढी पटाईत, पण त्या पोराने आपला वेळ आपल्या आठवणींसाठी का घालवावा?

फर्मागुडीकर

एकेकाला उत्तर देतो.

डिचोलीच्या ताई, तुमचा मुद्दा सगळ्यात बोचरा आहे. वडिलांना मी दुसऱ्याच दिवशी बोलावून तोफ उडवून दाखवली. ते म्हणाले, "तुमचं तुम्ही बघा, पण चाचणीत गुण कमी आले तर मी तो काकाला परत पाठवीन." हा करार मला मान्य आहे. मोबाइलशी तुलना मात्र नको. यात जाहिरात नाही, नोटिफिकेशन नाही, 'अजून एक लेव्हल, फक्त ४९ रुपयांत' नाही. टेट्रिसचा कंटाळा येतो आणि कंटाळा आला की पोर यंत्र खाली ठेवतं. मोबाइलवर कंटाळा येऊच नये म्हणून माणसं पगार घेऊन बसलेली आहेत.

तारवटी, पायथन उत्तमच. लॅपटॉपवर मी तोच शिकवतो. तिथे काय होतं? पोरं पहिल्या पाच मिनिटांत तयार लायब्ररी शोधतात आणि गोळा आपोआप उडतो. इथे लायब्ररी नाही, चिकटवायला कोड नाही, ९६ बाय ६४ ठिपके आणि आपण. भाषा विसरला तरी चालेल मला.

चौथं सेम, तुझं पटलं, अर्धं. सोर्स वाचणारा तू आहेस. बाकीचे नुसते फिनिक्स मारतात.

चौथं_सेम

अर्धं तर अर्धं. एक राहिलं: त्या मुलाला सांगा, तोफेचा प्रोग्रॅम आर्काइव्हमध्ये, म्हणजे यंत्राच्या कायमच्या साठ्यात, टाकून ठेव. असेम्ब्लीचा एखादा गेम अडकला की 'रॅम क्लिअर्ड' येतं, आणि या वेळी ते खरं असतं. आर्काइव्हमधलं वाचतं, रॅममधलं जातं.

मास्तर_म्हापसा

म्हणजे गेममुळे अभ्यासाचा प्रोग्रॅम उडू शकतो, हे तुम्हीच कबूल केलंत. धन्यवाद.

फर्मागुडीकर, माझा साधा सवाल. तुम्ही नेमून दिलेल्या तोफेनंतर त्या पोराने आपणहून काही लिहिलं का? लिहिलं असेल तर मी ऐकतो. नसेल तर ही शिकवणीतली एक छान संध्याकाळ होती, एवढंच.

फर्मागुडीकर

नवा गेम लिहिला नाही. तोफेत वारा घातला. सुरुवातीला यंत्र वाऱ्याचा वेग आपल्या मनाने निवडतं आणि गोळा त्याप्रमाणे पुढेमागे पडतो. हे मी सांगितलं नव्हतं.

मास्तर_म्हापसा

वारा घातला म्हणजे काय केलं? आडव्या वेगात वाऱ्याचा वेग नुसता मिळवला असेल तर ते चूक आहे. सूत्रात हवेचा रोधच नाही, मग वारा गोळ्याला हात लावणार कसा? आधी रोध घाला, तोही गोळ्याच्या हवेसापेक्ष वेगावर. मग प्रत्येक पायरीला वेग नव्याने काढावा लागेल, तुमचं ते तयार सूत्र चालणार नाही.

गेमबद्दल माझं मत आहे तेच आहे. पण त्याला हे चुकीचं शिकवू नका.