भावाला पीसीआर (पोलीस कोठडी) झाला, आता हायकोर्टात हेबियस लागते का?

धरमपेठचा_पिंट्या: मंडळी, अर्जंट विचारून राहिलो. मामेभावाला मारामारीच्या केसमधे शुक्रवारी संध्याकाळी पोलिसांनी घरून उचललं, रात्रभर ठाण्यात बसवलं, कागदावर अटक दाखवली शनिवारी दुपारी आणि रविवारी सकाळी रिमांड कोर्टात नेलं, तिथं तीन दिवसांचा पीसीआर झाला. मामा म्हणून राहिले सिव्हिल लाइन्सला, म्हणजे हायकोर्टात, हेबियस कॉर्पस (बेकायदा डांबलेल्याला सोडवायची याचिका) टाका, पोरगा दुसऱ्या दिवशी घरी. एकानं फीचा आकडाही सांगून टाकला. खरंच होते का असं?

काळा_कोट: मामांना आवरा आधी. हेबियसमधे कोर्ट विचारते की माणूस कोणत्या अधिकारानं डांबला, आणि सरकारी वकील मॅजिस्ट्रेटची रिमांड ऑर्डर पुढे करतात, बहुतेक वेळा तिथंच खेळ खलास. अधिकार नसताना किंवा डोळे झाकून दिलेला रिमांड असेल तरच गोष्ट वेगळी. सुप्रीम कोर्टानं मनुभाई पटेल केसमधे २०१२ लाच हे सांगून ठेवलंय.

तुमच्या केसचा जीव आहे शुक्रवारच्या रात्रीत. घटनेच्या कलम २२ प्रमाणे २४ तासांत मॅजिस्ट्रेटसमोर न्यायचं असते, प्रवासाचा वेळ सोडून, आणि ते तास उचलल्यापासून मोजा असं भांडायचं, स्टेशन डायरीतल्या वेळेपासून नाही. दुसरं, अटकेची कारणं त्याला कळवली का? सुप्रीम कोर्टाच्या विहान कुमार निकालानंतर (२०२५) हा मुद्दा लय जड झालाय. पुढच्या रिमांडच्या तारखेला दोन्ही मांडा. पीसीआर संपून एमसीआर (न्यायालयीन कोठडी) झाला की जामीन अर्ज, त्यातही हेच लिहा.

इतवारी_एक्सप्रेस: पण आमच्या मोहल्ल्यातला एक पोट्टा हायकोर्टातूनच सुटला होता नं भाऊ, जामीन-बिमिन काही नाही.

काळा_कोट: तो एमपीडीए (गुंडांना खटल्याशिवाय स्थानबद्ध करायचा राज्याचा कायदा) असेल. तिथं मॅजिस्ट्रेट नसतोच, पोलीस आयुक्त एका सहीनं आत टाकतात, वर्षभरापर्यंत. म्हणून १९८१ च्या त्या कायद्यात तारखा कडक हायेत: ५ दिवसांत कारणं हातात द्यायची, १२ दिवसांत शासनाची मंजुरी, ३ आठवड्यांत सल्लागार मंडळ. एखादी तारीख हुकली, किंवा साध्या भांडणाला सार्वजनिक सुव्यवस्थेचा प्रश्न बनवलं, की डबल बेंच ऑर्डर उडवते. पिंट्याच्या केसला त्याचा काही संबंध नाही.

जुना_नागपूरकर: विषयाबाहेरचं हाय, पण सांगतोच. आणीबाणीत हेबियस चालते असं म्हणणाऱ्या हायकोर्टांत आपलं नागपूर खंडपीठही होतं बरं का. १९७६ मधे सुप्रीम कोर्टानं ४ विरुद्ध १ नं ते फिरवलं, एकटे न्या. खन्ना अडले.

धरमपेठचा_पिंट्या: थँक्यू सगळ्यांना. समोरच्या किराणावाल्याच्या कॅमेऱ्यात शुक्रवारची जीप दिसून राहिली, टाइमसकट. मोबाइलनं स्क्रीनचा व्हिडिओ काढला.

काळा_कोट: तेवढ्यानं भागत नाही. आजच पेनड्राइव्हवर कॉपी घ्या, डीव्हीआर (कॅमेऱ्याचा रेकॉर्डर) ओव्हरराइट होते, आणि दुकानदार साक्ष्य अधिनियमातल्या कलम ६३ च्या (इलेक्ट्रॉनिक पुराव्याच्या) सर्टिफिकेटवर सही देईल का ते आत्ताच विचारून ठेवा.