सूर्यच नसलेल्या खोऱ्यात 'प्रहर' चालेल का?

गोदाकाठ
एक अद्भुतकथा लिहितोय. खोल खोरं, वर कायमचे ढग, सूर्य कुणी पाहिलेलाच नाही. उजेड खडकावरच्या शेवाळाचा, तोही कधी कमीजास्त न होणारा. नदी मात्र काही काळ खाली वाहते, थबकते आणि उलटी वर चढू लागते. आपल्या हिशोबाने दर ५ तासांनी. होड्या त्यावर चालतात, लोक वेळही त्यावरच मोजतात. पहिल्या खर्ड्यात या मापाला 'प्रहर' म्हटलं होतं. पंचवटीतल्या मित्राने वाचून लाल रेघ मारली. म्हणे प्रहर म्हणजे अहोरात्राचा आठवा भाग, ३ तास. दिवसच नाही तर आठवा भाग कशाचा? आता 'पालट' लिहितोय. "तीन पालट झाले, अजून होडी नाही." कानाला कसं वाटतं? आणि त्याच्या लहान भागाला काय म्हणू?

शब्दवेल्हाळ
प्रहर सोडू नका. प्रहर म्हणजे मुळात टोला, 'प्रहार'च्या कुळातला. पहारा त्यातूनच आला, दुपार 'द्विप्रहर'वरून. "दुपारी या" म्हणताना दोन प्रहर कोण मोजतं? शब्द मुळापासून सुटला की कुठेही रुजतो. पालट म्हटलं की मला खांदेपालट आणि मंत्रिमंडळच दिसतं.

मायबोलीप्रेमी
रुजतो म्हणून काहीही रुजवायचं का? प्रश्नातच "५ तासांनी" लिहिलंय. तास फारसीतून आलेला. आपल्याकडे घटिका, पळ, विपळ अशी साठासाठाची सुरेख उतरंड असताना उसनवारी कशाला? ६० घटिकांचा दिवस, ६० पळांची घटिका. पळ तर किती बोलका, पळतो तो पळ!

शब्दवेल्हाळ
पळ पळण्यावरून नाही हो. संस्कृत 'पल', आणि ते वजनाचंही माप आहे. आणि तास म्हणजे टोले द्यायची धातूची थाळी. थाळी वाजली, तास झाला. प्रहराची आणि तासाची गोष्ट एकच आहे, एक संस्कृतातून आला न् दुसरा फारसीतून, एवढंच.

भांडीबाजार
घटिकेला सूर्य लागत नाही, हे कुणी बोललंच नाही. आजोबांकडे घटिकापात्र होतं. पातळ तांब्याची वाटी, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. घंगाळातल्या पाण्यावर सोडली की बराच वेळ काही होतंय असं वाटतच नाही. मग बुडाशी चकाकणारा पाण्याचा ठिपका, तो हळूहळू कडांपर्यंत पसरतो, वाटी जड होते, एका अंगाला कलते आणि गपकन बुडते. झाली घटिका, २४ मिनिटं. लग्नघरात गुरुजी तिच्यावर नजर ठेवून बसायचे. ढगाखालच्या खोऱ्यातही ती तशीच बुडेल. नदीकाठच्या लोकांना पाण्याचंच माप शोभतं.

गोदाकाठ
वाटी फार आवडली. पण २४ मिनिटं आली कुठून? दिवसाचे ६० भाग केले म्हणूनच ना? भोक किती बारीक पाडायचं हे शेवटी सूर्यानेच ठरवलं. माझ्या खोऱ्यात वाटी पालटाला जुळवून घडवतील. पालटाचा साठावा भाग धरला तर ५ मिनिटं. त्याला घटिका म्हटलं तर वाचक २४च धरणार.

निफाडचा बागायतदार
दादा, आम्ही वेळ कशी मोजतो सांगतो. द्राक्षबागेची ऑक्टोबर छाटणी झाली की दिवस मोजायला सुरुवात. फवारणी, डिपिंग म्हणजे घड द्रावणात बुडवणं, विरळणी सगळं त्या दिवसांवर. शेजाऱ्याला तारीख नाही विचारत, "प्लॉट कितवा दिवस?" विचारतो. बांधाच्या अलीकडे ४५वा दिवस चालू असतो आणि पलीकडे ६०वा. माप कामातून निघतं. तुमच्या होडीवाल्यांच्या तोंडी पालट बसत नाही, ते 'फेर' म्हणतील. "दोन फेरांनी येतो."

शब्दवेल्हाळ
फेर म्हटलं की फुगडी आणि भोंडला. पण कामाचा मुद्दा पटला.

सिंहस्थ२०१५
नाशकात आपण सिंहस्थावर आयुष्य मोजतोच की! आई सांगते, "लग्न होऊन आले त्याच्या पुढचा सिंहस्थ २००३चा." मी २०१५च्या सिंहस्थात दहावीला होते. गुरू सिंह राशीत परत यायला सुमारे १२ वर्षं, म्हणजे एक तप. पण "एक तप झालं" घरात कुणी म्हणत नाही, "मागच्या सिंहस्थात" सगळे म्हणतात. तुमच्या लोकांनाही असं एखादं मोठं माप द्या ना. नदी कधीतरी उलटायचीच राहिली असेल, ते वर्ष.

मायबोलीप्रेमी
याला म्हणतात आपलं माप. माझी आत्या सकाळ सांगायची "दिवस कासराभर वर आला" अशी. बैलाच्या कासऱ्याएवढा सूर्य वर. त्यात तासही नाही, प्रहरही नाही.

निफाडचा बागायतदार
कासराभर आमच्याकडे संध्याकाळीही चालतं. "दिवस कासराभर राहिला, जू सोडा."

मायबोलीप्रेमी
मावळतीला नाही म्हणत. मी फक्त सकाळचंच ऐकलंय.

गोदाकाठ
मंडळी, पालट की फेर?

निफाडचा बागायतदार
ऐकलं नसेल ताई, तुमच्याकडे बैल नसतील. बैलाला सकाळ-संध्याकाळ कासरा एकच असतो.

भांडीबाजार
संध्याकाळचं मीही ऐकलंय, सिन्नरकडे. आणि तिकडे "दोन कासरे" पण म्हणतात.